वाचक विचारतात: पणजीतला गाइडेड वॉक घ्यावा का?

प्रश्न: ताई, सासू-सासरे सांगलीहून फोंड्याला येतायत. पणजीत फॉन्टेन्हासचा, म्हणजे तिथल्या जुन्या पोर्तुगीज वळणाच्या वस्तीचा, गाइडेड वॉक घ्यायचा की आपलं आपणच फिरायचं? सासूबाईंचे गुडघे दुखतात.

उत्तर: घ्याच वॉक. नुसतं फिरलात तर रंगीत घरं, शिंपल्यांच्या खिडक्या बघून, फोटो काढून परत याल, पण सेंट सेबॅस्टियनच्या छोट्याशा चॅपेलमधला क्रूस कोणीतरी दाखवायलाच हवा, त्यावरच्या येशूचे डोळे उघडे आहेत आणि मान ताठ आहे, एरवी ती खाली झुकलेली असते ना. हा क्रूस आधी जुन्या गोव्यात इन्क्विझिशनच्या, म्हणजे धर्माविरुद्ध वागल्याच्या आरोपावरून लोकांना शिक्षा देणाऱ्या चर्चच्या न्यायालयाच्या, वाड्यात होता, ते इन्क्विझिशन 1812 मध्ये बंद झालं. हे ऐकल्यावर त्या क्रूसाकडे बघताना अंगावर काटा येतो, खरंच!

बुकिंग करतानाच विचारा की महालक्ष्मीचं देऊळ, जामा मशीद पण दाखवणार का. माझ्या मते ते बघितल्याशिवाय पणजी कळतच नाही. पणजीच्या मोठ्या चर्चची (इमॅक्युलेट कन्सेप्शन) घंटासुद्धा जुन्या गोव्याच्या ऑगस्टिनियन साधूंच्या मठाच्या मनोऱ्यातली आहे, 1871 मध्ये इथे बसवली. चर्चच्या पायऱ्या मात्र सासूबाईंना चढायला लावू नका, खालून छान दिसतं. पणजीच्या मळा भागातल्या मारुतीचंही तेच, देऊळ टेकडीवर आहे.

सकाळी लवकर निघा. आणि प्लीज, लोकांच्या दारात, पायरीवर बसून फोटो नको, तिथे माणसं राहतात आणि ती खरंच वैतागलीयत. गाइड कोकणी-मराठी बोलणारा मागा, सासरेबुवा मनसोक्त प्रश्न विचारतील.