निवृत्तीनंतरचं वेबिल

"तीस वर्षं कंडक्टरकी केली साहेब. आता मन कशातच लागंना गेलंय. पोरगं मोबाइलवर प्रेरणेची भाषणं पाठवायलंय, ती ऐकून आणखीच गळाल्यासारखं व्हायलंय."

लातूर जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावाहून आमच्याकडे समुपदेशनासाठी आलेले हे काका. ५८ पूर्ण झाल्यावर एसटीतून निवृत्त झाले, त्याला चार महिने झाले होते. (ओळख पटू नये म्हणून तपशील बदलले आहेत.) मुलीचं लग्न झालेली आई असो की पाच वर्षं स्पर्धा परीक्षा देऊन गावी परतलेला मुलगा, प्रश्न साधारण हाच असतो. आयुष्य बदललं, वेळ हाताशी आला, मग नवं काही करायची उमेद का येत नाही?

उमेदीची वाट बघत बसलं की ती येत नाही, म्हणून. आधी हात हलतात, मग मन हलतं. पण असं नुसतं सांगून कुणी उठत नाही, आणि सांगण्याआधी एक तपासणी करावीच लागते.

काका पहाटे साडेतीनला जागे होत. पहाटे लवकर जाग येणं हे नैराश्याचं लक्षण असू शकतं, त्यामुळे नीट विचारलं. ते रात्री नऊला झोपत, म्हणजे साडेसहा तास झोप होत होती, आणि उठल्यावर मन जड नसे. पहिल्या गाडीची ड्युटी शरीरानं अजून सोडली नव्हती, एवढंच. जड व्हायला सुरुवात होई ती दहाच्या पुढे. पीएचक्यू-९ ही नैराश्य तपासणारी नऊ प्रश्नांची चाचणी घेतली. मागच्या दोन आठवड्यांबद्दल विचारतात, गुण ० ते २७. काकांचे ८ आले. १० किंवा जास्त आले तर आम्ही डॉक्टरांकडे पाठवतो. नववा प्रश्न जीव नकोसा वाटण्याबद्दलचा असतो. तो लाजून गाळायचा नाही, सरळ विचारायचा, आणि उत्तर 'हो' असेल तर बेरीज कितीही कमी असो, त्याच दिवशी हालचाल करायची. (टेलि-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ हा मोफत नंबर दिवसरात्र चालू असतो, मराठीतही बोलता येतं.) जोडीला साखर, थायरॉइड आणि बी-१२ जीवनसत्त्व तपासून घ्यायला सांगितलं. बी-१२ कमी असलेल्या माणसाला प्रेरणेवर व्याख्यान देण्यात अर्थ नाही.

ऑस्ट्रियातल्या मारीएन्थाल या गावातली कापड गिरणी १९३० च्या सुमारास बंद पडली. समाज-मानसशास्त्रज्ञ मारी याहोदा आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तिथं पाहणी केली. लोकांकडे दिवसभर वेळच वेळ होता, तरी वाचनालयातून पुस्तकं नेणं कमी झालं आणि रस्त्यावरची पुरुषांची चाल मंदावली. याहोदांनी पुढे मांडलं की काम पगाराखेरीज पाच गोष्टी देतं: दिवसाची आखणी, घराबाहेरची माणसं, सगळ्यांसोबतचं एखादं ध्येय, समाजात ओळख आणि हातांना नियमित हालचाल. या पाचांपैकी काय गेलं, हे आधी शोधायचं. 'छंद जोपासा' असं सरसकट सांगणं म्हणजे ताप कशाचा हे न बघता गोळी देणं.

काकांना वाटत होतं, गेली ती ओळख. म्हणून ते महिनाभर रोज डेपोत जाऊन बसले. जुने सोबती 'बसा काका' म्हणायचे आणि गाडी लागली की निघून जायचे. घरी येताना जास्तच उदास वाटे.

नेमकं काय गेलं हे शोधायला पहिल्या आठवड्यात काहीही बदलायचं नाही, फक्त नोंद ठेवायची: वेळ, काय केलं, मन कसं होतं (० ते १०). काकांनी कागद आणला तो सगळा ४, ४, ४. रात्री झोपताना एकदम भरलेला. ही चूक जवळपास सगळेच करतात, कारण उदास मनाला रात्री आठवताना दिवस सरसकट उदासच दिसतो. त्यांना विचारलं, तिकिटांच्या ट्रेच्या काळात वेबिल, म्हणजे विकलेल्या तिकिटांच्या हिशोबाचा कागद, कधी भरायचात? "टप्प्या-टप्प्याला. सहा किलोमीटरचा टप्पा. डेपोत जाऊन भरतो म्हणलं आन् मधीच तपासणीवाले चढले, तर मेलाच की माणूस." मग तसंच करायचं ठरलं. दिवसाचे चार टप्पे: सकाळचा चहा, दुपारचं जेवण, चार वाजता, झोपण्याआधी. कागदाला नावही वेबिलच पडलं.

दुसऱ्या आठवड्याच्या वेबिलात टीव्हीवरच्या बातम्या, १० ते १२, रोज २ किंवा ३. आणि एका मंगळवारी एकदम ७. समोर लिहिलेलं: 'शेजारच्या पोराचं गणित'. पाचवीतला मुलगा, नवोदयच्या परीक्षेची तयारी करणारा, एका उदाहरणाला अडला होता. काकांनी ते तोंडी सोडवून दाखवलं. तीस वर्षं गर्दीत सुटे पैसे मोजलेलं डोकं ते.

यात हिशोब दिसला म्हणून काका उत्साहानं बायकोच्या बचत गटाचं पुस्तक लिहायला निघाले. काकूंनी एका वाक्यात विषय संपवला: "गटाचं पुस्तक आमचं आमी लिव्हताव." काकूंचं बरोबरच होतं. निवृत्त माणूस आपली पोकळी घरातल्या दुसऱ्या कुणाचं काम ओढून भरायला लागला की तिसऱ्या महिन्यापासून भांडणं सुरू होतात. भावाच्या शेतात 'मदत' करायला गेलेले लोकही ऐन सोयाबीनच्या पेरणीत असेच भांडून परततात. दुसरी मोठी चूक म्हणजे फंडाची रक्कम हाती आली की प्लॉट, भागीदारी, उसनवारी. सहा महिने मोठा निर्णय नाही, हा नियम आम्ही लिहूनच देतो.

मग पाऊल मुद्दाम लहान ठरवलं. सकाळी साडेसहाला, चहाचा कप खाली ठेवला की गणिताचं पुस्तक उघडायचं. दहा मिनिटं, एक मुलगा, बस. 'अमुक झालं की तमुक करीन' असं एखाद्या ठरलेल्या गोष्टीला बांधलेलं काम जास्त पार पडतं, हे मानसशास्त्रज्ञ पीटर गॉलविट्झर यांच्या अभ्यासातून दिसलं आहे. 'वेळ मिळाला की करीन' हे निवृत्त माणसाच्या बाबतीत तर विनोदीच वाटतं. वेळ सकाळची घेतली, कारण इकडच्या उन्हाळ्यात अकरा ते चार कोणतीच योजना टिकत नाही.

पाचव्या दिवशी घोळ झाला. अपूर्णांक काकांनाच येईनात. मुलासमोर अडखळले, चिडले आणि गाडीत 'पुढं सरका' म्हणायचा आवाज निघाला. मुलगा दोन दिवस आला नाही. वेबिलात ३. आम्हाला मात्र हा आठवडा सगळ्यांत कामाचा वाटला, कारण काकांनी पाचवीचं पुस्तक मागवून आदल्या संध्याकाळी स्वतः अपूर्णांक सोडवायला घेतले. पोकळी भरणं तिथं संपलं आणि शिकणं सुरू झालं. एक पोळी चौघांत वाटून अपूर्णांक समजल्यावर त्यांनी मुलालाही तसंच समजावलं.

त्यांचा पुढचा प्रश्न ठरलेला होता: "एकवीस दिवसांत सवय लागती म्हणत्यात, लागंल का?" एकवीसचा आकडा विसरायला सांगितला. फिलिपा लॅली यांच्या लंडनमधल्या अभ्यासात एखादी साधी सवय अंगवळणी पडायला सरासरी ६६ दिवस लागतील असा हिशोब निघाला, आणि माणसागणिक तो आकडा १८ पासून २५४ पर्यंत बदलत होता. एखादा दिवस चुकल्यानं फार बिघडत नाही, हेही त्यातच दिसलं. लग्नसराईत काकांचे सलग चार दिवस गेले. पाचव्या दिवशी भरपाई म्हणून तासभर बसायचं नाही, पुन्हा दहाच मिनिटं, एवढंच सांगितलं.

अकराव्या आठवड्यात तीन मुलं येऊ लागली होती, दहाची चाळीस मिनिटं झाली होती. पीएचक्यू-९ चे गुण ४ आले. जाग अजूनही साडेतीनलाच येते. त्या वेळेत ते उद्याची उदाहरणं काढतात, काकूंची झोप मोडू नये म्हणून ओट्यावर बसून. रविवारचा आकडा मात्र ४ च्या वर गेलेला नाही. रविवारी मुलं येत नाहीत.