रॉकेट दोनदा का उतरतं?

प्रश्न: जॉर्ज मेलिएसचा १९०२ चा 'अ ट्रिप टू द मून' यूट्यूबवर पाहिला. रॉकेट चंद्राच्या डोळ्यात घुसतं आणि लगेच पुढच्या सीनमध्ये तेच रॉकेट परत चंद्रावर उतरतं. एडिटिंगची चूक आहे का ही? आणि मूकपट असून मध्ये मजकुराच्या पाट्या पण नाहीत, मग तेव्हाच्या लोकांना स्टोरी कळायची कशी?

उत्तर: चूक अजिबात नाही, मुद्दाम केलंय ते. मेलिएस मूळचा जादूगार, पॅरिसमध्ये त्याचं स्वतःचं थिएटर होतं, त्यामुळे सिनेमातही तो नाटकासारखे प्रवेश लावायचा, म्हणजे कॅमेरा एका जागी, माणसं डोक्यापासून पायापर्यंत दिसणार आणि त्या जागेवर जे घडलं ते पूर्ण दाखवायचं. आधी अवकाशातून चंद्राचा चेहरा दिसला, आता आपण चंद्राच्या जमिनीवर आलो, मग इथे रॉकेट कसं पोचलं ते नको का दाखवायला? त्यासाठी वेळ थोडी मागे गेली तरी त्याला चालायचं, आपल्यालाच नंतरच्या सिनेमांनी सरळ पुढे जाणाऱ्या वेळेची सवय लावलीये.

पाट्यांचं म्हणाल तर पहिलाच प्रवेश परत बघा. शास्त्रज्ञांच्या सभेत मुख्य प्रोफेसर (स्वतः मेलिएसच) फळ्यावर पृथ्वी, चंद्र आणि मधला रॉकेटचा रस्ता खडूने काढतो. झालं, पुढचा अख्खा प्लॅन प्रेक्षकाला कळला! मला तर हे डोळ्यातल्या रॉकेटपेक्षा भारी वाटतं. शिवाय बऱ्याच ठिकाणी पडद्याशेजारी उभा राहून गोष्ट सांगणारा माणूस पण असायचा.

पण सगळं लांबून दाखवलं तर पात्राला आतून काय वाटतंय ते कसं कळणार, यावर अ‍ॅलिस गी या बाईंनी काय केलं ते खरंच बघण्यासारखं आहे. त्या गोमाँ कंपनीत सिनेमे करायच्या, आणि १९०६ साली त्यांनी गरोदर बाईच्या डोहाळ्यांवर 'मादाम आ दे आँवी' (Madame a des envies) हा छोटा सिनेमा केला. ही बाई लहान पोराचं लॉलीपॉप पळवते, कॅफेत बसलेल्या माणसाची दारू उचलते, नवरा बिचारा बाबागाडी ढकलत मागे, हे सगळं लांबून दिसतं, आणि ती खायला-प्यायला लागली की कॅमेरा एकदम जवळ, मागे साधा पडदा, फ्रेममध्ये फक्त ती आणि तिचं ते चाखणं. रस्ता नाही, नवरा नाही, आजूबाजूचं कोणीच नाही, कारण त्या क्षणी तिच्यासाठी पण ते कोणी नसतातच. मग परत लांबचा शॉट आणि पुढची पळापळ. जेमतेम चार मिनिटांचा आहे, आता हा बघा.