चौकीवरच्या दमलेल्या जवानांचा सिनेमा हवाय ना? मग ‘हकीकत’

एकाकी चौकी, दमलेले जवान आणि डायलॉगबाजी कमी, असा सिनेमा तुम्ही विचारलाय. डोळे झाकून ‘हकीकत’ लावा. चेतन आनंदचा, १९६४चा, ब्लॅक अँड व्हाइट. १९६२च्या युद्धात लडाखमध्ये अडकलेल्या तुकडीची गोष्ट.

मी काही तो ठरवून पाहिला नाही. जुलैतला पाऊस, रुळांवर पाणी, लोकल बंद. ठाण्याला उतरलो आणि लोकमान्य नगरला मामांकडे मुक्काम ठोकला. मामा पायदळातून हवालदार म्हणून रिटायर झालेले, लडाखला दोन हिवाळे काढलेले. नंतर बरीच वर्षं वागळे इस्टेटमधल्या एका कंपनीत सिक्युरिटीला होते. युद्धाचे सिनेमे त्यांना चालत नाहीत. हिरोने उभ्याने मशीनगन चालवली की हे चहा टाकायला उठतात. हा मात्र शेवटपर्यंत बघितला.

मध्ये जवानांना रात्री घरची आठवण येते, ते गाणं आहे. मदनमोहनची चाल, कैफी आझमींचे शब्द आणि रफी, तलत, मन्ना डे, भूपिंदर असे चार आवाज. (भूपिंदर पडद्यावरही आहे, ओळखता येतो का बघा.) मला वाटलं, आता मामा पत्रांबित्रांबद्दल बोलतील. तर म्हणाले, “यांची नाकं फार स्वच्छ आहेत रे.”

मला कळेना. मग सांगायला लागले. बंकरमध्ये रॉकेलची बुखारी, म्हणजे ऊब देणारी शेगडी, पेटवायची, सकाळी नाक शिंकरलं की रुमाल काळाकुट्ट. बर्फ वितळवून पाणी करायचं, त्यालाही रॉकेलचा वास. “गोळीचं नंतर. आधी झोपच नसते. डोळा लागला की श्वास अडकतो, दचकून उठायचं.”

बलराज साहनींच्या मेजरच्या चेहऱ्यावर ती न झालेली झोप दिसते.

सिनेमातली खोटही सांगतो. धर्मेंद्र आणि प्रिया राजवंशचं प्रेमप्रकरण रेंगाळतं. मामींनी तेवढ्यात भाजी निवडून घेतली. शेवटी शेवटी भाषणंही होतात. पण माघार घेणाऱ्या जवानांवर एवढा मोठा सिनेमा आपल्याकडे क्वचितच निघाला असेल. ‘बॉर्डर’ही चौकीचाच, पण लोंगेवाल्याच्या जवानांना ती एक रात्र काढायची होती. आपली हंटर विमानं अंधारात हल्ला करू शकत नव्हती, उजाडल्यावर आली आणि पाकिस्तानचे रणगाडे फुटले. ‘हकीकत’मध्ये उजाडतं, तरी तशी सुटका होत नाही.

सिनेमा आवडला तर लडाखमधल्या ‘रेझांग ला’ या खिंडीतल्या लढाईबद्दल वाचा. १८ नोव्हेंबर १९६२, मेजर शैतान सिंग, १३ कुमाऊं बटालियनची एक कंपनी, साधारण १२० जण. मध्ये डोंगर आडवा, त्यामुळे आपल्या तोफांची मदत मिळणं शक्यच नव्हतं. शंभरावर जवान गेले. पुढच्या वर्षी बर्फात मृतदेह सापडले, तेव्हा कित्येकांच्या हातात शस्त्रं तशीच होती. नर्सिंगचं काम बघणाऱ्या जवानाच्या हातात इंजेक्शनची सिरिंज होती. हे मी मामांना वाचून दाखवलं, तर त्यांनी टीव्हीचा आवाज बंद केला आणि परत एकदा वाचायला लावलं.

सिनेमा तीन तासांचा आहे, जेवून बसा.