इराणला यायचंय? पोराच्या सिनेमासाठी नको

ताई, तुमचं पत्र वाचलं. मिस्टरांना तेहरानमध्ये नोकरी मिळतेय, दहा वर्षांचा मुलगा गावच्या नाटकात छान काम करतो, आणि इराणी दिग्दर्शक कियारोस्तामींचा 'मित्राचं घर कुठे आहे?' हा सिनेमा पाहिल्यापासून तुम्हाला वाटतंय की त्यालाही इथे अशी वाट सापडेल. मी लग्न होऊन उत्तर इराणमधल्या रश्तला आले त्याला 14 वर्षं झाली. (नवरा पुण्यात शिकायला होता, तिथेच जमलं.) तो सिनेमा ज्या कोकेरमध्ये झाला ते गाव इथून तासाभरावर, रूदबारच्या ऑलिव्हच्या बागांकडे जाताना लागतं. नोकरीसाठी यायचं तर जरूर विचार करा. सिनेमासाठी नको.

इथे नटाला 'बाजीगर' म्हणतात, आणि कधीच कॅमेऱ्यासमोर न आलेल्याला 'नाबाजीगर'. अशा सिनेमाला हवे असतात ते नाबाजीगर. 1987च्या त्या सिनेमातली दोन्ही मुलं कोकेरचीच, सख्खे भाऊ. ती सिनेमाकडे गेली नाहीत, सिनेमा त्यांच्या दारात आला. दुसरे इराणी दिग्दर्शक बहमन गोबादी, त्यांच्या 2000 सालच्या सिनेमातली मुलं कुर्दी गावातली आणि बोलतात ती कुर्दीच. तुमच्या मुलाची तोडकी फारसी तिथे कोणाला हवी? त्याचं भांडवल म्हणजे त्याची गावची मराठी. 'फँड्री'साठी नागराज मंजुळेंना सोमनाथ अवघडे सापडला तो करमाळ्याजवळच्या केममध्ये, हलगी वाजवताना.

माझ्या लेकीच्या शाळेत एकदा लघुपटवाले आले होते. माझी लेक हात वर करून पुढे, फारसी कवी हाफिजची गझल तोंडपाठ. त्यांनी कोणालाच काही म्हणायला लावलं नाही. 'सकाळी काय खाल्लंस, घरी भांडण कोणाशी होतं' एवढंच विचारत फिरले. निवडली कोण, तर मागच्या बाकावर बसून पेन्सिलीचं लाकूड दातांनी सोलणारी. माझी चार दिवस रुसली. त्या मुलीला फोटो पाठवतो म्हणाले होते, तो अजून आलेला नाही.

फोटोवरून आठवलं. त्या सिनेमात वहीवरून रडणारा मुलगा आहे ना, त्याला रडवायला कियारोस्तामींनी त्याचा आवडता पोलरॉइड फोटो फाडला, असं सांगतात. ते रडू अस्सल वाटतं, कारण ते अस्सलच होतं. माझ्या पोरासाठी मला हे चाललं नसतं. आणि त्या सिनेमातली टेकडीवरची नागमोडी वाट? तीही चित्रीकरणासाठी मुद्दाम पाडलेली.

पुढे काय होतं तेही बघा. 21 जून 1990च्या मध्यरात्रीनंतर भूकंपानं हा सगळा पट्टा झोपवला, हजारो माणसं गेली. कियारोस्तामी आपल्या मुलाला घेऊन त्या दोघा भावांना शोधत आले, आणि त्यातून 1992चा सिनेमा झाला. भाऊ वाचले होते. 1994च्या सिनेमात दोघं थोडा वेळ दिसतात. कोकेरवर तीन सिनेमे झाले, जगभर नाव झालं, पण त्या भावांचं नटाचं करिअर काही झालं नाही.

तरी मुलाला आवड असेल तर 'कानून' विचारून बघा. मुलांसाठी 1965मध्ये निघालेली ही संस्था, वाचनालयं चालवते. कियारोस्तामींनी सुरुवात तिथेच केली.

आता संसाराचं. तेहरानमध्ये केंद्रीय विद्यालय आहे, पण तिथे घातलंत तर फारसी गल्लीत फुटबॉल खेळूनच शिकावी लागेल. अवघड नाही, हजार, दरवाजा, शिकार आपलेच शब्द. फक्त 'दफ्तर' म्हणजे इथे वही, पाठीवरचं ओझं नव्हे! आपल्या बँकेचं कार्ड चालत नाही, रोख आणा. नोटेवर रियाल छापलेला असतो आणि दुकानदार बोलतो तोमानमध्ये, म्हणजे एक शून्य मनातल्या मनात उडवायचं. मी पहिल्या आठवड्यात कांद्याचे दहापट पैसे पुढे केले होते. भाजीवाल्यानंच हसत परत दिले. भारतीयांची बिनव्हिसाची सवलत नोव्हेंबर 2025मध्ये थांबली, तेव्हा कंपनीकडून व्हिसा आणि राहण्याचा परवाना लेखी घेतल्याशिवाय तिकीट काढू नका. आपल्या सरकारच्या प्रवासाच्या सूचनाही निघायच्या आधी वाचा. 2025च्या जूनमधले इस्रायलशी युद्धाचे ते बारा दिवस आम्ही काढलेत, म्हणून सांगते.

शाळेचं ठरलं की लिहा. लेकीची फारसी पहिलीची पुस्तकं माळ्यावर पडून आहेत, तेहरानला पाठवते.