‘इट’ (1927) : प्रेक्षकांच्या शंका

प्रश्न : यात नायिकाच नायकाच्या मागे लागते. मग हा मूकपट काळाच्या पुढचा म्हणायचा का?

उत्तर : अर्धाच. क्लारा बोची बेटी लू ही वॉल्थमच्या मोठ्या दुकानातली विक्रेती. मालक सायरस तिच्या मनात भरतो, म्हणून ती त्याच्या मित्राला, माँटीला, रिट्झ या उंची हॉटेलात जेवायला न्यायला लावते. तिथे घालायला काही नाही, तेव्हा कामाच्याच पोशाखाला कात्री लागते. अंगावर असतानाच गळा मोठा होतो. पडद्यावरची संवादाची एकही पाटी न वाचता तिचा पगार कळतो! पण सायरसने मोटारीत चुंबन घेताच हीच मुलगी त्याच्या थोबाडीत देते. पुढाकार तिचा, अब्रू सांभाळायची जबाबदारीही तिचीच.

प्रश्न : बाळाचा गैरसमज ओढूनताणून आणलेला वाटतो. सायरस सरळ विचारत का नाही?

उत्तर : कारण त्याला विचारायची गरजच वाटत नाही. आजारी मैत्रिणीचं बाळ काढून न्यायला समाजसेवी बायका येतात, तेव्हा बेटी ‘बाळ माझं’ म्हणते. माँटी ते ऐकतो, बातमीदारही टिपून घेतो (हा गॅरी कूपर, पटकन येतो नि जातो). ते कळल्यावर सायरस तिला सोडत नाही, दागिन्यांची लालूच दाखवतो. लग्नाचं मात्र नाव काढत नाही. आधी तिचा खुललेला चेहरा पाहा, मग उतरलेला. शेवटचा नौकेवरचा गोंधळ त्यापुढे फिकाच.

प्रश्न : आमच्या चित्रपट मंडळात दाखवायचा आहे, पण आमच्या प्रतीत माणसं पळताना दिसतात.

उत्तर : वेग चुकलाय. 35 मिमीच्या फिल्मच्या एका फुटात 16 चौकटी (फ्रेम), म्हणजे 1000 फुटांच्या रिळात 16,000. सेकंदाला 24 चौकटींनी रीळ सुमारे 11 मिनिटांत संपतं, 20 ने 13 मिनिटं 20 सेकंद चालतं. चांगली प्रत साधारण 72 मिनिटांची असते. तुमची बरीच आखूड असेल तर प्लेअरमध्ये वेग 0.9 करून बघा. अंदाज दुकानातल्या गिऱ्हाइकांच्या चालीवरून घ्या, कोनी आयलंडच्या जत्रेतल्या फिरत्या चक्रांवरून नको. आणि आधी दृश्यं कापलेली नाहीत ना, तेही तपासा. कापलेली प्रत हळू केली तर माणसं रांगायला लागतात.

प्रश्न : पाट्यांचं मराठी कसं करावं?

उत्तर : पाटी पडद्यावर असताना एकानेच भाषांतर सपाट आवाजात, मोठ्याने वाचावं. पाटी जाण्याआधी वाक्य संपलं पाहिजे, म्हणून घड्याळ लावून भाषांतर छाटा.