“सर, मला आज झोपायचंय”

“दोघंही डॉक्टर आहोत, मग न सांगता कळायलाच हवं ना?” मी समुपदेशक; निवासी डॉक्टरांच्या तोंडून जोडीदाराबद्दल हे वाक्य इतक्यांदा ऐकलंय की त्यातल्या एकीची गोष्ट लिहितेय. ओळख पटेल असे तपशील बदललेत.

ती स्त्रीरोग विभागात जेआर-वन, म्हणजे पहिल्या वर्षाची निवासी डॉक्टर; तो त्याच युनिटचा जेआर-थ्री, तिसऱ्या वर्षाचा. लेबर रूमच्या रात्रपाळ्यांत प्रेम जमलं. आठ महिन्यांत त्याचा फोन आला की तिच्या पोटात गोळा यायला लागला.

“पोस्ट-ड्यूटीला, रात्रपाळी संपल्यावर, मी मेलेली असते. तो म्हणतो, चल बाहेर.”

“मग तू काय म्हणतेस?”

“काही नाही. जाते.”

डॉक्टरांवरच्या मालिकांचा विषय तिनेच काढला. २००५ मध्ये सुरू झालेल्या ‘ग्रेज अ‍ॅनाटॉमी’त इंटर्न मेरेडिथ आणि तिचा वरिष्ठ सर्जन डेरेक यांची लिफ्टमध्ये नुसती नजर भिडली तरी पुरतं. आपल्याकडच्या लिफ्टमध्ये स्ट्रेचर असतं, सलाइनची बाटली उंच धरलेला नातेवाईक असतो. आणि तिची ड्यूटी-लिस्ट तोच लावत होता.

मी विवेकनिष्ठ विचारपद्धती मानणारी, म्हणजे ‘असंच व्हायला हवं’ अशा हट्टी विचारांना प्रश्न विचारणारी. ‘कळायलाच’ मधल्या ‘च’वर आम्ही तीन बैठका घालवल्या. चौथ्या बैठकीत टेबलावरचा तिचा फोन थरथरला. स्क्रीनवर नाव होतं: ‘सर, युनिट २’.

“अजून सर?”

ती फोनकडे बघत राहिली. मग हळूच म्हणाली, “वॉर्डात सीनियरला नाही म्हणत नाहीत.”

“आणि वॉर्डाबाहेर?”

ती बराच वेळ रडली. त्या ‘च’च्या आड काय दडलंय, ते तेव्हा उलगडलं. त्याने ओळखावं हा हट्ट नव्हताच. सांगायची तिला भीती वाटत होती. अशा जोड्यांमध्ये मी आता आधी हेच तपासते.

एकच वाक्य मोठ्याने म्हणायचा सराव केला: “आज मला आठ तास झोपायचंय, उद्या संध्याकाळी भेटू.” दर वेळी ती शेवटी “चालेल ना?” जोडायची. ते शेपूट काढायला अख्खी बैठक गेली. तिने ते वाक्य ऐकवलं तेव्हा तो गप्प झाला, मग म्हणाला, “आधी का नाही बोललीस?”

एकाच युनिटमध्ये असाल तर ड्यूटी-लिस्ट, रजा, लॉगबुक यातलं काहीही सीनियर जोडीदाराच्या हातात ठेवू नका. युनिटप्रमुखांना दोघांनी मिळून सांगा आणि लिस्ट दुसऱ्या जेआर-थ्रीकडे द्या. हँडओव्हरमध्ये, म्हणजे ड्यूटी संपताना पेशंट पुढच्या डॉक्टरकडे सोपवताना, बेड नंबर, बीपी, रक्तस्राव, राहिलेले रिपोर्ट एवढंच बोला. रागात दिलेल्या हँडओव्हरमध्ये एखादी पेशंट नजरेतून सुटते. पदव्युत्तर वैद्यकीय शिक्षणाच्या २०२३ च्या नियमांत साप्ताहिक सुट्टी आणि वर्षाला किमान २० किरकोळ रजा आहेत. महिन्यात एक सुट्टी जुळवून घ्या, पण त्या दिवशी आधी झोपा. जिल्हा रुग्णालयातल्या तीन महिन्यांच्या पोस्टिंगमध्ये फोन कधी करायचा, हे निघण्याआधीच ठरवा.

मात्र ‘नाही’ म्हटल्यावर थीसिस अडवण्याची किंवा ड्यूटी वाढवण्याची भाषा सुरू झाली, तर ते प्रेमातलं भांडण नव्हे. कामाच्या ठिकाणी होणाऱ्या लैंगिक छळाविरुद्धच्या २०१३ च्या कायद्यानुसार संस्थेच्या अंतर्गत समितीकडे शेवटच्या घटनेपासून तीन महिन्यांत लेखी तक्रार करता येते. तोवर रागाच्या भरात चॅट डिलीट करू नका.