डोळा 'काढायचा' म्हणजे नेमके काय काढायचे?

मागच्या महिन्यात तुराटी डोळ्यात घुसण्यावर लिहिले आणि पत्रांचा ढीग आला. बहुतेकांचा गोंधळ एकच. डोळा काढणे ही एकच शस्त्रक्रिया असते, एक डॉक्टर ती स्वस्तात करतो आणि दुसरा महागात, अशी समजूत. तसे नाही. शस्त्रक्रिया तीन आहेत, म्हणून आधी त्या सांगते, मग पत्रे घेते.

महाशिवरात्रीला आपण कवठ फोडतो, चमच्याने गर काढतो, हातात रिकामी कवटी उरते. इव्हिसरेशन तसेच. डोळ्याच्या आतले सगळे काढायचे, बाहेरचे पांढरे कवच आणि त्याला चिकटलेले सहा स्नायू जागेवर ठेवायचे. एन्युक्लिएशनमध्ये अख्खे कवठ देठासकट काढतात. देठ म्हणजे मेंदूकडे जाणारी नस. स्नायू आधी सोडवून घेतात आणि डोळ्याच्या जागी आत बसवलेल्या कृत्रिम गोळ्याशी जोडतात. एक्झेंटरेशनमध्ये कवठासोबत आजूबाजूचा पाला-फांदीही जाते: खोबणीतले स्नायू, चरबी, कधी पापण्यासुद्धा. कोणती करायची हे डोळ्याच्या आत काय आहे त्यावर ठरते. तुमच्या खिशावर नाही, आणि माझ्या आवडीवरही नाही.

प्रश्न : नवा डोळा बसवल्यावर त्याने दिसते का? (आर्वी तालुका)

नाही. तो दिसण्यासाठी नसतो, दिसायला बरा असतो.

प्रश्न : अकरा वर्षांपूर्वी कापूस वेचताना पऱ्हाटी लागली. डोळ्यात फूल पडले, नजर गेली. आता रात्रभर ठणकतो. एक डॉक्टर म्हणतात आतले काढू, दुसरे म्हणतात अख्खा काढू. खरे कोण? (वय ५२, दारव्हा तालुका)

दोघेही खरे असू शकतात. आतले काढले तर स्नायू आपल्या जागी राहतात, कृत्रिम डोळा बऱ्यापैकी हलतो, सूज लवकर उतरते. डोळ्यात पू झाला असेल तरी आम्ही बहुधा हीच पसंत करतो, कारण नस कापली की मेंदूच्या आवरणाकडे जंतूंना वाट मिळू शकते. अख्खा काढण्याचा फायदा वेगळा. आतला कुठलाच भाग मागे राहत नाही आणि डोळा पूर्णपणे प्रयोगशाळेत तपासता येतो.

तुमच्या पत्रात एक गोष्ट मात्र कुठेच नाही. सोनोग्राफी झाली का? फूल पडलेल्या डोळ्यातून आत डोकावता येत नाही. अकरा वर्षांत तिथे गाठ झाली नाही हे कुणी पाहिले? गाठ असलेला डोळा आतून खरवडला तर आजार खोबणीभर पसरतो. क्वचित होते, पण होते. म्हणून दोन्ही डॉक्टरांना एकच विचारा, 'डोळ्याची सोनोग्राफी केली का, आणि काढलेले तपासणीला पाठवणार का?' उत्तर 'गरज नाही' आले तर तिसऱ्याकडे जा. ठणका काचबिंदूचाही असू शकतो आणि तो कधी कधी थेंबांनी थांबतो. मेडिकलवाल्याने दिलेल्या थेंबांनी नव्हे, तपासून दिलेल्या.

प्रश्न : एक डोळा काढला की दुसऱ्याच्या नसा ओढल्या जातात, असे गावात म्हणतात. (हिंगणघाट)

म्हणू द्या. उलट, फुटलेला डोळा तसाच राहिला तर शरीराची प्रतिकारशक्ती क्वचित चांगल्या डोळ्यावर उलटते. लुई ब्रेल तीन वर्षांचा असताना वडिलांच्या चामड्याच्या कारखान्यात आरी डोळ्यात घुसली, आणि पाचव्या वर्षापर्यंत दोन्ही डोळे गेले. तेव्हा नवी जखम असेल तर त्याच दिवशी डॉक्टर गाठा. आधी टाके घालून डोळा वाचवायचा प्रयत्न होतो. काढायचा की नाही हा निर्णय पुढचा, आणि नजर येण्याची आशाच नसेल तर तो साधारण दोन आठवड्यांत घेतलेला बरा.

प्रश्न : नात तीन वर्षांची. संध्याकाळी दिव्यासमोर तिचा डावा डोळा मांजरासारखा चमकतो. नागपूरला दाखवले, ते म्हणाले अख्खा डोळा काढावा लागेल. पाहुण्यांनी सांगितले की दुसरीकडे फक्त आतले काढतात, ऑपरेशन लहान असते, पोरीचा चेहरा चांगला राहतो. एक वैद्य गाठ विरघळवून देतो म्हणतो. कापूस विकला की दिवाळीनंतर जावे म्हणतो. सल्ला द्या. (आजोबा, घाटंजी तालुका)

आजोबा, हे पत्र वाचून मी ताट बाजूला सारले. सांगते ते रागाचे वाटेल, पण ऐका.

बाहुलीतून पांढरी चमक म्हणजे पाच वर्षांखालच्या लेकरात पहिला संशय रेटिनोब्लास्टोमाचा, डोळ्याच्या पडद्यावरच्या कर्करोगाचा. दुसरी कारणेही असतात. लहानपणचा मोतीबिंदू असतो, पडदा सुटलेला असतो. पण ते ठरवायला बेशुद्ध करून तपासतात, सोनोग्राफी, एमआरआय करतात. नागपूरच्या डॉक्टरांनी ते केले असेल आणि मग अख्खा म्हटले असेल, तर ते बरोबर आहे. गाठ मोठी असेल तर डोळा देठासकट जातो, आणि देठ जितका लांब मिळेल तितका बरा, कारण आजार याच नसेवरून मेंदूकडे चालत जातो. नंतर त्या नसेचे टोक सूक्ष्मदर्शकाखाली पाहतात. तिथे पेशी सापडल्या तर पुढे औषधोपचार.

आता 'लहान ऑपरेशन'. या आजारात आतले काढणे निषिद्ध आहे. सुई टोचून नमुनाही घेत नाहीत. कवच एकदा उघडले की पेशी बाहेर सांडल्या. पाहुण्यांनी सांगितलेला चेहरा चांगला राहील, पण लेकरू राहील का, हे पाहुण्यांना विचारा. आणि चेहऱ्याचे म्हणाल तर डोळा काढल्यावर आत तो कृत्रिम गोळा बसवतात, वर कृत्रिम डोळा, आणि खोबणी वाढत्या वयाबरोबर वाढावी म्हणून तो अधूनमधून बदलतात. पोरगी शाळेत जाईल, भांडेल, फोटोत हसेल.

वैद्याचे. गाठ विरघळवतो म्हणणाऱ्याने आजवर एका लेकराचा आधीचा आणि नंतरचा एमआरआय दाखवला आहे का? त्याच्याकडे गेलेले सहा आठवडे पुढे आमच्याकडे येतात. डोळा खोबणीबाहेर आलेला, मान सुजलेली, आणि आई म्हणते, 'आधी चमकच होती, मॅडम.' मी ते वाक्य इतक्यांदा ऐकले आहे की आता समोरची बाई बोलायच्या आधीच मला कळते.

लवकर आलेल्या बहुतेक लेकरांचा जीव वाचतो. गाठ लहान असेल तर औषध, लेझर, गोठवणे यांनी कधी डोळाही वाचतो. म्हणजे दिवाळी ही तारीख नाही. कापूस घरात थांबेल, भाव पडो की चढो. जवळचा पैसा कमी पडतो का? महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेतल्या रुग्णालयात आरोग्यमित्र बसतो, त्याला रेशनकार्ड दाखवून विचारा. आणि जाताना तिच्या भावंडांनाही न्या, त्यांचेही डोळे तपासायचे असतात. हा आजार काही घरांत वारशाने येतो. उद्या जा. परवा नाही.

प्रश्न : २०२१ साली भावाला काळ्या बुरशीत डोळा, पापण्या, सगळे काढले. शेजारी म्हणतात, डॉक्टरांनी जास्तच काढले. कृत्रिम डोळा बसेल का? (मूल)

जास्त काढले म्हणून भाऊ आहे. ती बुरशी नाकातून खोबणीत आणि तिथून मेंदूत जाते, म्हणून एक्झेंटरेशन. साधा कृत्रिम डोळा बसणार नाही, त्याला टेकायला पापण्याच नाहीत. जखम पूर्ण भरल्यावर चेहऱ्याच्या रंगाचा, चष्म्याला जोडलेला किंवा चिकटवलेला सिलिकॉनचा भाग करता येतो. मोठ्या रुग्णालयात विचारा. साखर मोजता ना?

प्रश्न : बाजारात तयार डोळे स्वस्त मिळतात. रुग्णालयात जास्त का सांगतात? (कारंजा)

कारण तयार डोळा तुमच्या खोबणीसाठी केलेलाच नसतो. आधी एक समज काढा, तो काचेचा गोल चेंडू नसतो. ऍक्रेलिकचा शंखासारखा पातळ तुकडा असतो. मापाचा करतात तेव्हा खोबणीत दंतवैद्यासारखे माप घेतात. मग कारागीर समोर खिडकीच्या उजेडात बसवतो, चांगल्या डोळ्याकडे पाहत बुबुळाचा रंग लावतो आणि पांढऱ्या भागावर लाल रेशमाचे बारीक तंतू ठेवतो, तुमच्या रक्तवाहिन्या जशा आहेत तशा. चुकलेले माप खोबणीला घासते, पू येतो, पापणी लोंबते. रुग्णालयाच्या फाटकाशी 'लगेच बसवून देतो, मॅडमपेक्षा निम्म्यात' म्हणणारा एजंट भेटला, तर त्याला एकच विचारा, 'पू आला तर तू कुठे भेटशील?' शस्त्रक्रियेनंतर सहा ते आठ आठवडे थांबायचेच. मग वर्षातून एकदा पॉलिश आणि साधारण पाच वर्षांनी नवा.

प्रश्न : मेलेल्या माणसाचा अख्खा डोळा बसवता येतो का?

नजर देणारा नाही. नेत्रदानातून पुढचा पारदर्शक पडदा बसवतात. २०२३ मध्ये न्यूयॉर्कमध्ये अख्खा डोळा बसवला, पण त्याने दिसले नाही.

प्रश्न : एक डोळा गेला. अपंगाचे प्रमाणपत्र मिळेल का? वावरातली कामे जमतील का? (वाशीम जिल्हा)

दुसरा डोळा पूर्ण चांगला असेल तर नियमाने ३० टक्के, आणि बहुतेक सवलतींचा उंबरठा ४० टक्के. जिल्हा रुग्णालयात तपासून घ्या, दुसऱ्या डोळ्याची नजर मोजल्याशिवाय आकडा ठरत नाही. कामे जमतात, फक्त अंतराचा अंदाज नव्याने शिकावा लागतो. माझ्या एका रुग्ण आजी चहा ओतताना पहिले दोन महिने बशी भरायच्या. मग किटलीची तोटी कपाच्या काठाला टेकवायला शिकल्या. तुम्ही सोंगणीला, फवारणीला, बैल बांधायला जाताना पॉलिकार्बोनेटचा, म्हणजे सहज न फुटणाऱ्या प्लास्टिकचा, चष्मा घाला, नंबर असो नसो. आता जादा डोळा शिल्लक नाही.

प्रश्न : मुलगी २२ वर्षांची. लहानपणी चुन्याची पुडी फुटून डोळा गेला, आता आकसलाय. दुखत नाही. पाहायला येणार आहेत, त्याआधी काढून नवा बसवावा का? (वडील, अंजनगाव)

दुखत नसेल, सोनोग्राफीत काही वाईट नसेल, तर काढायची घाईच नाही. आकसलेल्या डोळ्यावरच पातळ कवच बसवता येते आणि खालचे स्नायू हलतात म्हणून ते छान हलते. पण चुन्याने आतली त्वचा चिकटलेली असते, ती आधी मोकळी करावी लागेल का हे पाहिल्याशिवाय सांगता येत नाही. दोन-तीन फेऱ्या लागतील, आत्ताच या. आणि मुलीला घेऊनच या. चार ओळींच्या पत्रात तिला काय वाटते ते कुठेच नाही. पुढचे पत्र तिने लिहावे.